ऐकू आलं की बोट वर करा

२९ जून, रविवार

आज वाद्यपूजन झालं. नदीपात्रात नारळ फुटला, ढोलांना हळदकुंकू लागलं, आमोददादाचं पथकप्रमुख म्हणून भाषण झालं ("सरावाला सहा म्हणजे सहा. घड्याळ घरी विसरलात तर स्वतःही घरीच थांबा") आणि मग सगळ्यांनी मिळून पहिला ठोका मारला. माझं हे सातवं वर्ष, तरी त्या पहिल्या ठोक्याला मी दर वेळी नव्याने दचकते. आवाज आधी कानात येतच नाही. तो पोटात येतो, मग छातीत, आणि कानांना सगळ्यात शेवटी कळतं. दिवसभर लोकांचे कान तपासणारी बाई हे लिहितेय! क्लिनिकमध्ये माझी चेष्टा चालते, की शेफाली मॅडम गणपतीत ढोल वाजवून दिवाळीचे पेशंट तयार करतात. करू देत. पथकातल्या निम्म्या लोकांना मी कानात बोळे घालायला लावलेत. उरलेले निम्मे पुढे-मागे येतीलच माझ्याकडे.

ढोल आपला आपल्याला बांधता येत नाही. तो पोटाशी धरून उभं राहायचं आणि मागून दुसऱ्याने कमरेला दोरी आवळून गाठ मारायची. सैल झाली तर ढोल गुडघ्यांवर येतो, घट्ट झाली तर श्वास अडतो. आमच्या पथकात वाद्यपूजनाच्या दिवशी जो तुमची गाठ मारतो, तोच पूर्ण मोसम मारतो आणि तुम्ही त्याची. माझी गाठ सात वर्षं यज्ञेश्वर, माझा यज्ञेश, मारतोय. पहिल्या वर्षी तो यवतमाळहून नुकताच आला होता. गाठ मारून त्याने विचारलं होतं, "श्वास घेता येऊन राहिला ना वं?" मी इतकी हसले की ढोल खाली आला. आमचं सगळं तिथून सुरू झालं.

आजही त्याने गाठ मारली. अगदी हवी तेवढीच घट्ट.

आणि ठरलंय. गणपती झाले की दोन्ही घरी सांगायचं. जात वेगळी, जिल्हा वेगळा, त्यात माझे वडील, आमचे अण्णा, कर्वेनगरातल्या जुन्या शेतकऱ्यांपैकी. जमिनी गेल्या, इमारती आल्या, पण मान मात्र अजून सातबाऱ्यावर असल्यासारखी ताठ! म्हणून दर वर्षी "यंदा नको" होतं. यंदा होऊ द्यायचं नाही. मी एकोणतीस वर्षांची आहे आणि मला हे लपवाछपवीचं आता पुरे झालंय.


५ जुलै, शनिवार

कल्याणीताईचा ताशा मी सात वर्षं ऐकतेय, पण आज पहिल्यांदा तिच्या शेजारी उभी राहून ऐकला. ही बाई बँकेत कर्जाच्या फायली बघते, मुलाच्या डब्याबद्दल कुरकुर करते आणि गळ्यात ताशा अडकवला की दुसरीच कोणीतरी होते. दोन बारीक काड्या, तेवढ्याच. त्यावर पन्नास-साठ ढोल चालतात! तिने काड्या उचलल्या की सगळे थांबतात, खाली आणल्या की सगळे कोसळतात. मी बघतच राहिले. माझा ढोल वाजवायचा राहिला म्हणून आमोददादाने "मॅडम, तिकीट काढून आलात का?" असं सर्वांसमोर विचारलं.

सराव संपल्यावर ताईने काड्या माझ्या हातात दिल्या. "मनगट मोकळं सोड. मारू नकोस, पडू दे." मी पाडून बघितल्या. वाईट वाजलं. पण अंगावर जो काटा आला तो घरी येईपर्यंत गेला नाही.

यज्ञेश थांबला होता. भेळ खायची होती त्याला. मला काड्यांच्या नादात उशीर झाला, भेळवाला निघून गेला होता.


११ जुलै, शुक्रवार

आज नागोराव म्हणून एक आजोबा आले, बायकोबरोबर. आजोबांचं म्हणणं, कानांना काही झालेलं नाही, बायको पुटपुटायला लागली आहे. आजींचं म्हणणं, मी दोन वर्षं ओरडून बोलतेय आणि यांना वाटतं मी चिडखोर झालेय.

काचेच्या खोलीत बसवलं, कानांवर हेडफोन लावले, नेहमीचं सांगितलं, "आवाज कितीही बारीक असू द्या, ऐकू आला की बोट वर करा." वरच्या पट्टीतल्या बारीक आवाजांना आजोबांनी बोटच वर केलं नाही. मी निकाल समजावून सांगितला, की हे एकदम जात नाही, आधी बारीक आवाज जातात, चिमण्या, कुकरची पहिली सुरसुर, हळू बोललेले शब्द. माणसाला वाटतं सगळं ऐकू येतंय. आजोबा ऐकून घेऊन बायकोकडे वळले आणि म्हणाले, "म्हणजे तू चिडत नव्हतीस?" आजींनी मान हलवली आणि त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं.

इतकी वर्षं हे काम करतेय, तरी या गोष्टीचं नवल संपत नाही. एवढं मोठं काहीतरी निघून जातं आणि जाताना जरासुद्धा आवाज करत नाही.


२० जुलै, रविवार

खडकवासल्यातून पाणी सोडलं. नदीपात्र पाण्याखाली, सराव बंद. यज्ञेशचा फोन आला, "धरणावर जाऊ, कणीस खाऊ." पहिली दोन-तीन वर्षं आम्ही पाणी सुटलं की जायचोच. पण मनगट ठणकत होतं, उशीवर काड्यांचा सराव करून करून. म्हटलं, पुढच्या आठवड्यात. तो म्हणाला, "चालेल."

संध्याकाळी एकटीच राजाराम पुलावर गेले. बापरे! जिथे आम्ही रोज उभे राहून वाजवतो, आमोददादा जिथे खुर्ची टाकून बसतो, ती सगळी जागा पाण्याच्या पोटात. मातकट पाणी, इतकं रुंद, इतकं घाईत. पुलावर माणसांची ही गर्दी, पण कोणी बोलत नव्हतं. एक बाई नुसती हात जोडून उभी होती. माझेही हात जोडले गेले, का ते विचारू नये.

यज्ञेशला व्हिडिओ पाठवला. त्याने अंगठा पाठवला.


२ ऑगस्ट, शनिवार

मी ताशात गेले! कल्याणीताईने आमोददादासमोर सांगितलं, "ही घेतेय मी." दादा म्हणाला, "घ्या. एक ढोल कमी झाला तर शेजाऱ्यांचे आशीर्वादच मिळतील." पण खूश होता.

ताशा गळ्यात अडकवायचा असतो. पट्टा टाकला की झालं. बांधायला कोणी लागत नाही. पहिल्यांदा स्वतःच घालून मी उभी राहिले तेव्हा इतकं हलकं वाटलं की काय सांगू.

यज्ञेशच्या गाठीचं काय, हा प्रश्न आला तेव्हा मीच सोडवून टाकला. बजरंगचा जोडीदार यंदा आलेला नाही, त्या दोघांची जोडी लावून दिली. बजरंग मार्केट यार्डात कांद्याच्या गाड्या भरून घेतो. त्याने यज्ञेशच्या कमरेला अशी काही दोरी आवळली की मी म्हटलं, "अरे, गाडी बांधतोयस का?" सगळे हसले. यज्ञेशही हसला. मग माझ्याकडे बघून म्हणाला, "अभिनंदन, शेफाली. मनापासून. तू छान वाजवतेस."

त्याची भाषा किती बदलली आहे. पूर्वी "काऊन", "करून राहिली", "वं" यांशिवाय वाक्य पुरं होत नसे. आता माझ्याशी अगदी पुस्तकातल्यासारखं बोलतो. पुण्याचं पाणी लागलं म्हणायचं. त्याच्या आईशी फोनवर मात्र अजून तसाच बोलतो, परवा ऐकलं.


१० ऑगस्ट, रविवार

सरावानंतर आम्ही दोघं चहाला बसलो. त्याने बिस्कीट बुडवलं, मी बुडवलं. समोरच्या टेबलावर कॉलेजातली एक जोडी कचाकचा भांडत होती. मला वाटलं, आपण किती पुढे आलो यांच्या. न बोलता बसता येणं हे भाग्यच की. आम्ही शेवटचं कधी भांडलो तेही मला आठवेना.

तो पैसे द्यायला उठला तेव्हा टीशर्ट वर गेला आणि कमरेवर दोरीचा वळ दिसला. लालभडक. "बजरंगला सांगत का नाहीस?" म्हटलं. तो म्हणाला, "होईल सवय."

आता लिहिताना लक्षात आलं, आज "गणपती झाले की" हा विषयच निघाला नाही. आधी दर भेटीत तो काढायचा. मग मी काढायचे. आज त्याने काढला नाही आणि मी काढायची विसरले. विसरले हे खरं आहे का? खोटं कशाला लिहू, चहा पिताना एकदा तोंडापर्यंत आलं होतं. तेवढ्यात कल्याणीताईचा नवा हात, म्हणजे ताशाचा नवा ठेका, डोक्यात वाजायला लागला.

मला सगळं ठीक वाटतंय. इतकं ठीक वाटतंय की मधूनच भीती वाटते.


२७ ऑगस्ट, बुधवार

बाप्पा आले. पेठेतल्या मंडळाची मिरवणूक आमच्याकडे होती. चौकात ताईने मला खूण केली आणि स्वतः काड्या खाली घेतल्या. तेवढा एक हात मी एकटीने उचलायचा होता.

मी उचलला. आणि सगळे ढोल माझ्या मागून आले. माझ्या! मला रडू येत होतं आणि हसू येत होतं आणि काड्या मात्र आपल्या आपण पडत होत्या. गच्च्यांवरून माणसं वाकली होती. एका म्हाताऱ्या आजोबांनी खिडकीतून पालखीला हात जोडले आणि मग आमच्याकडे वळून आम्हालाही जोडले. एवढ्या मोठ्या गोष्टीत मी होते, आणि तरी मी कुठेच नव्हते. याहून नीट मला लिहिता येत नाही.

मध्ये एकदा यज्ञेशला शोधलं. तिसऱ्या रांगेत होता. माझ्याकडे एकटक बघत होता. क्षणभर पूर्वीसारखं वाटलं, हा माझ्याकडेच बघतोय. मग कळलं, सगळेच ढोलवाले ताशाकडे बघतात, बघावंच लागतं.


१ सप्टेंबर, सोमवार

आज जे झालं ते नीट लिहून ठेवते, नाहीतर उद्या मलाच खरं वाटायचं नाही.

गौरी जेवणाची गडबड. आईने पुरणाचं सगळं काढलेलं, मी पानं मांडत होते. अण्णा सोवळं सोडून पंख्याखाली बसले होते. मांडलेल्या पानांकडे बघून म्हणाले, "एक कमी मांडलंस."

मी म्हटलं, "बरोबर आहेत, आपण घरचेच तर आहोत."

"आन् त्यो? यवतमाळचा?"

माझ्या हातातलं ताट खाली ठेवलं गेलं. आई स्वयंपाकघरातून बाहेर आली नाही, पण भांड्यांचा आवाज थांबला.

अण्णा म्हणाले, "आगं, मी काय आंधळा हाय व्हय? पाच वर्सं झाली, नदीवर तुमचा सराव बघाया येतो मी, पुलावर उभा ऱ्हातो. गाठ कशी मारतो त्यो पोरगा, ते बघितलंय. मारली की दोन बोटं घालून बघतो, तुला आवळतीया का. तवाच म्हनलं, चांगल्या घरचा हाय. मला वाटलं, आज सांगल, उद्या सांगल. तू काय तोंड उघडंना. मग मी म्हनलं, न्हाय सांगत तर न्हाय, आपणच जेवाया बोलवू."

"अण्णा, त्याची जात..."

"मी इचारलंय का तुला?" असं म्हणून त्यांनी पंखा वाढवायला सांगितलं. आई आतून म्हणाली, "बोलव गं त्याला. पुरण भरपूर आहे."

पाच वर्षं! ज्यांच्या भीतीने मी गल्लीच्या तोंडाशी गाडीवरून उतरत होते, ते पुलावर उभे राहून आमची गाठ बघत होते. गच्चीवर पळाले आणि यज्ञेशला फोन लावला. धाप लागली होती. म्हटलं, "अण्णांना माहितेय! सगळं! ते हो म्हणाले, जेवायला बोलावलंय, आत्ता!"

तो म्हणाला, "अरे वा. छानच झालं."

आणि मी म्हटलं, "हो ना. छान झालं."

मैत्रिणीच्या भावाला नोकरी लागली की आपण जसं बोलतो ना, तसं. त्याच्याही आवाजात तेच होतं आणि माझ्याही. मी वाट बघत राहिले, आनंद आता येईल, आता येईल. सात वर्षं ज्याच्यासाठी जीव टांगणीला लावला ते हातात आलं होतं आणि आतून काहीच हललं नाही. मी इतकी थक्क झाले की मला दुःखसुद्धा झालं नाही. तो म्हणाला ऑफिसचा कॉल आहे, आज जमणार नाही. मला हायसं वाटलं. हो, हायसं. लिहिलं.

खाली येऊन सांगितलं, त्याला सुट्टी नाही. अण्णा म्हणाले, "मग इसर्जनानंतर आण. पळून चाललाय का कुठं?"


७ सप्टेंबर, रविवार

अंग ठेचून निघालंय, तळहातांना फोड आलेत, कानात अजून शिट्टी वाजतेय. तरी लिहिते.

काल दुपारी लक्ष्मी रस्त्यावर आमचा नंबर लागला. काय तो रस्ता! डोक्यांशिवाय काही दिसत नव्हतं. गुलाल, घाम, ढोल, आणि मधून कोणीतरी मोरया म्हटलं की अख्खा रस्ता ओ देत होता. या शहरात मी जन्मले, तरी काल मला ते पहिल्यांदा दिसल्यासारखं वाटलं.

अलका चौकाच्या अलीकडे विसाव्याला थांबलो. बंद दुकानाच्या पायरीवर मी बसले होते. यज्ञेश पाण्याची बाटली घेऊन आला, शेजारी बसला. पुढच्या पथकाचं वादन चालू होतं, त्यामुळे कानाशी तोंड नेऊनच बोलावं लागत होतं.

तो म्हणाला, "अण्णांकडे कधी येऊ?"

मी म्हटलं, "तुला यायचंय?"

"तुला?"

मी पाणी प्यायले. झाकण लावलं. ते नीट बसेना, पुन्हा लावलं. तो बघत होता. मग तो माझ्या कानाशी वाकला आणि अगदी हळू म्हणाला, "मलाही नाही."

मी तर काहीच बोलले नव्हते.

मग मी रडले, आणि तोही. गुलालात कोणाला कळणार होतं? मी म्हटलं, "कधीपासून?" तो म्हणाला, "माहीत नाही गं. मी लय शोधलं." मी म्हटलं, "मी कुठे चुकले?" तो म्हणाला, "चुकली असती तर भांडलो असतो न."

आमोददादा ओरडला, "चला, उठा, संसार नंतर!" आम्ही उठलो. बजरंग दिसत नव्हता. यज्ञेशने ढोल पोटाशी धरला आणि माझ्याकडे बघितलं. मी मागे गेले, दोरी घेतली, गाठ मारली, आणि दोन बोटं घालून बघितली.

मग गळ्यात ताशा टाकून पुढे गेले. असं वाजवलं मी, की ताईने नंतर मला कुशीत घेतलं. तिला वाटलं, थकून रडतेय.


१४ सप्टेंबर, रविवार

अण्णांनी विचारलं, "कवा येतोय त्यो?" सांगितलं, नाही येणार.

"भांडलासा?"

"नाही."

"त्याच्या घरचे?"

"नाही अण्णा."

"मग झालं काय?"

मी टीव्हीचा आवाज वाढवला. अण्णांनी टीव्ही बंद केला आणि माझ्याजवळ येऊन बसले. म्हणाले, "मीच लवकर बोलाया पायजे हुतं." किती वेळ सांगितलं त्यांना, की तसं नाही. पटलं नाही त्यांना. खरं सांगायचं तर मलाही ते तसं नाहीच, असं छातीवर हात ठेवून सांगता येत नाही.


२० सप्टेंबर, शनिवार

दर वर्षी विसर्जनानंतर कानांना थोडे दिवस आराम द्यायचा आणि मग मी यज्ञेशचे कान तपासायचे, हा आमचा रिवाज. बोळे घालायला तो कंटाळतो म्हणून मीच पाडलेला. काचेच्या खोलीत बसून तो वेडीवाकडी तोंडं करायचा, आवाज नसताना दोन्ही हात वर करायचा, आणि मी बाहेरून काचेवर टकटक करून दटावायचे; तपासणी नीट शेवटपर्यंत कधी झालीच नाही.

यंदा येईल असं वाटलं नव्हतं. दुपारी पेशंट संपले तेव्हा दारात उभा. "वेळ आहे का? तपासून टाकू."

आत बसवलं. हेडफोन लावले. काच बंद केली. नेहमीचं वाक्य म्हटलं, "आवाज कितीही बारीक असू दे, ऐकू आला की बोट वर कर." त्याने मान हलवली आणि डोळे मिटून घेतले. तोंडं केली नाहीत.

मी मोठ्या आवाजापासून सुरुवात केली. बोट वर. थोडा कमी केला, बोट वर. आणखी कमी. ढोलात सात वर्षं घातलेले कान, मला वाटलं आता चुकेल, आता चुकेल. चुकला नाही. मी खाली खाली जात राहिले, जिथे तरण्याताठ्यांची बोटं थांबतात तिथेही त्याचं बोट वर येत होतं, जरासं, पण वर. इतकं बारीक ऐकू येत होतं त्याला. मी काचेच्या अलीकडे बसून नुसती बघत राहिले. हा माणूस इतकं ऐकत होता आणि मला कधी कळलंच नव्हतं.

यवतमाळहून काम करायची परवानगी मागितली आहे, असं तो आल्या आल्या म्हणाला होता. घरून काम करता येतं आता. पुढच्या वर्षी पथकात नसेन, बजरंगला सांग.

डोळ्यांसमोरची बटणं दिसेनाशी झाली, म्हणून मी हात काढून घेतला. रुमाल शोधत होते. सापडायला वेळ लागला. मग वर बघितलं. आत तो तसाच बसला होता, डोळे मिटून, मान किंचित कलती, बोट तयार. मी काहीच पाठवत नव्हते आणि तो मन लावून ऐकत होता.